जुन्या टर्बो गाडीला विचारायचे चार प्रश्न

वापरलेली मोटारगाडी विकत घेताना आपण रंग, टायर, किलोमीटरचा आकडा आणि कागदपत्रे पाहतो. गाडी टर्बोचार्जर बसवलेली पेट्रोल गाडी असेल, तर जाणता मेकॅनिक याखेरीज चार प्रश्न विचारतो. आधीचा मालक पेट्रोल कोणते भरत होता? टर्बोचा दाब वाढवण्यासाठी कोणी फेरफार केले आहेत का? जोरात चालवून आल्यावर इंजिन लगेच बंद केले जात होते का? आणि तेल कधी, कोणते बदलले?

हे प्रश्न वरवर पाहता गॅरेजमधल्या सवयीचे वाटतात. प्रत्यक्षात त्यांतील प्रत्येकामागे टर्बोच्या इतिहासातील एकेक अडचण, आणि काही वेळा एकेक अपयश उभे आहे. तो इतिहास माहीत असला, तर गाडीत काय आणि का तपासायचे हे पाठ करावे लागत नाही.

वाया जाणाऱ्या वायूचा उपयोग

इंजिनाची शक्ती ते किती इंधन जाळते यावर अवलंबून असते. इंधन हवे तितके आत सोडता येते. अडचण हवेची असते. एक ग्रॅम पेट्रोल पूर्ण जळायला सुमारे 14.7 ग्रॅम हवा लागते. साधे इंजिन दट्ट्या खाली गेल्यावर जेवढी हवा आपोआप आत येईल तेवढीच घेते. शक्ती वाढवायची तर इंजिन मोठे करावे लागते, नाहीतर तेवढ्याच जागेत अधिक हवा कोंबावी लागते.

हवा कोंबायला पंप हवा आणि पंप फिरवायला शक्ती हवी. ती कोठून आणायची, याचे उत्तर स्वित्झर्लंडमधील आल्फ्रेड ब्युखी या अभियंत्याने 1905 मध्ये पेटंट घेऊन दिले. इंधनातील ऊर्जेचा सुमारे एक तृतीयांश भाग गरम धुराबरोबर बाहेर जातो. त्या धुराच्या वाटेत टर्बाइनचे चाक बसवायचे आणि त्याच दांड्याच्या दुसऱ्या टोकाला हवा दाबणारे चाक लावायचे. धूर एक चाक फिरवील, दुसरे हवा आत ढकलील. टर्बोचार्जर म्हणजे एवढेच.

कल्पना सोपी असली तरी ती उतरवण्यासाठी लागणारे धातू त्या काळी नव्हते. पहिली ठळक यशे आकाशात आणि समुद्रावर मिळाली. 1918 मध्ये अमेरिकेत सॅनफर्ड मॉस यांनी विमानाचे लिबर्टी इंजिन पाइक्स पीक या सुमारे 4,300 मीटर उंच शिखरावर नेले. समुद्रसपाटीला 350 अश्वशक्ती देणारे ते इंजिन शिखरावर 230 देत होते. टर्बो जोडल्यावर त्याने 356 अश्वशक्ती दिली. 230 ला 350 ने भागून पाहा; उत्तर सुमारे 0.66 येते. त्या उंचीवर हवेची घनताही समुद्रसपाटीच्या जवळजवळ दोन तृतीयांशच असते. इंजिनाची शक्ती हवेच्या वस्तुमानाबरोबर बदलते, हे वर्गात दाखवायला याहून चांगले उदाहरण मिळणे कठीण.

पुढे जहाजे, आगगाड्या आणि ट्रक यांच्या डिझेल इंजिनांवर टर्बो रुळला. पेट्रोल मोटारीवर तो रुळायला मात्र फार वेळ लागला.

पहिला प्रश्न: पेट्रोल

सायकलचा पंप जोरात मारला की त्याचे टोक गरम लागते. दाबलेली हवा तापते. टर्बोमध्ये हेच घडते. 30 अंश सेल्सिअसची हवा वातावरणाच्या 1.7 पट दाबापर्यंत दाबली, तर आदर्श स्थितीतही ती 80 अंशांपर्यंत तापते. प्रत्यक्षात पंप आदर्श नसल्याने ती शंभर अंशांच्या आसपास जाते. ही तापलेली हवा सिलिंडरमध्ये पुन्हा दाबली जाते. डिझेल इंजिनात दाबताना नुसती हवा असते, म्हणून बिघडत नाही. पेट्रोल इंजिनात हवेबरोबर बहुधा पेट्रोलही असते. स्पार्क प्लगपासून निघालेली ज्योत पोचण्याआधीच कोपऱ्यातील मिश्रण स्वतःहून स्फोटासारखे पेटते. यालाच नॉकिंग म्हणतात. त्याच्या घणाने दट्ट्याला भोक पडू शकते.

अमेरिकेत 1962 मध्ये जनरल मोटर्सने दोन टर्बो पेट्रोल गाड्या विक्रीला आणल्या: शेव्हरोले कॉर्व्हेअर मोन्झा स्पायडर आणि ओल्ड्समोबिल जेटफायर. जेटफायरच्या अभियंत्यांनी सिलिंडरमधील दाबाचे गुणोत्तर 10.25 इतके चढे ठेवले आणि नॉकिंगवर वेगळाच उपाय योजला. टर्बो जोरात चालू लागला की हवेत पाणी आणि मिथिल अल्कोहोलचे मिश्रण फवारले जाई. द्रवाची वाफ होताना तो उष्णता शोषून घेतो, या नियमावर हा उपाय आधारलेला होता. माठातले पाणी ज्या कारणाने गार होते, तेच कारण येथेही होते.

शास्त्र अचूक होते, माणसाचा अंदाज मात्र चुकला. या मिश्रणाची वेगळी टाकी होती आणि ती मालकाने भरत राहणे आवश्यक होते. अनेक मालक ते विसरले. टाकी रिकामी झाली की एक झडप टर्बोचा दाब रोखून धरी; इंजिन वाचे, पण गाडी मंद पडे आणि तक्रार येई. 1963 नंतर ही गाडी बंद झाली. पुढे अनेक गाड्यांवरचा टर्बो काढून साधा कार्बुरेटर बसवण्यात आला.

पेट्रोलचा प्रश्न येथून येतो. ऑक्टेन अंक म्हणजे नॉकिंगला इंधन किती प्रतिकार करते याचे माप. कंपनीने सांगितलेल्यापेक्षा हलक्या ऑक्टेनचे पेट्रोल वर्षानुवर्षे घातलेली टर्बो गाडी घेताना सावध राहावे.

दुसरा प्रश्न: दाब

जेटफायरनंतर युरोपात दुसरा मार्ग निघाला. 1973 मध्ये फ्रँकफुर्टच्या प्रदर्शनात आलेल्या बीएमडब्ल्यू 2002 टर्बोमध्ये दाबाचे गुणोत्तर 6.9 इतके उतरवले होते. नॉकिंग टळले, पण हळू चालवताना इंजिन मरगळलेले आणि मोठा टर्बो फिरू लागताच एकाएकी 170 अश्वशक्तीचा धक्का, असा तिचा स्वभाव झाला. त्याच सुमारास जगभर तेलसंकट आले. अशा 1,672 गाड्या बनल्या आणि प्रकरण संपले.

रोज कामावर नेता येईल अशी टर्बो गाडी स्वीडनमधील साब या लहान कंपनीने आणली. नवे मोठे इंजिन विकसित करण्याएवढा पैसा तिच्याकडे नव्हता. मात्र 1969 मध्ये ती स्कॅनिया या ट्रक बनवणाऱ्या कंपनीशी एकत्र झाली होती आणि तेथे टर्बो डिझेलचा अनुभव होता. पेर गिलब्रांड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी विचार उलटा केला. शर्यतीसाठी मोठा टर्बो लावण्याऐवजी त्यांनी लहान टर्बो निवडला, म्हणजे तो कमी वेगातच फिरू लागेल. दाब ठरावीक मर्यादेला पोचला की एक झडप उघडून जास्तीचा धूर टर्बाइनला वळसा घालून बाहेर जाऊ देई. तिला वेस्टगेट म्हणतात. 1977 मध्ये दाखवलेली साब 99 टर्बो दोन लिटरच्या इंजिनातून 145 अश्वशक्ती देत होती. त्याच इंजिनाचा टर्बो नसलेला जोरदार प्रकार 118 देई.

या गाडीतही दाबाचे गुणोत्तर 7.2 इतके खाली होते. त्यावरचा उपाय 1982 च्या मॉडेलपासून साब 900 टर्बोवर आला. इंजिनाच्या अंगावर दाबविद्युत स्फटिक असलेला संवेदक बसवला. स्वयंपाकघरातील गॅस लायटरमध्ये ठिणगी पाडतो, त्याच जातीचा हा स्फटिक. नॉकिंगची थरथर जाणवताच तो विद्युत संकेत देई आणि इलेक्ट्रॉनिक यंत्रणा वेस्टगेटमार्फत दाब उतरवी. आता गुणोत्तर 8.5 पर्यंत नेता आले आणि वेगवेगळ्या ऑक्टेनच्या पेट्रोलशी इंजिन स्वतः जुळवून घेऊ लागले. जेटफायरमध्ये जी काळजी मालकावर टाकली होती, ती येथे यंत्राने घेतली.

आणि म्हणूनच तिसऱ्याने केलेला फेरफार धोक्याचा. वेस्टगेटची दांडी आवळून किंवा संगणकातील मर्यादा बदलून दाब वाढवता येतो. असे करणारा माणूस अभियंत्यांनी वीस वर्षे खपून बांधलेले कुंपणच काढून टाकतो. वाढीव शक्तीचा आनंद पहिला मालक घेतो, दुरुस्तीचा खर्च दुसरा करतो.

तिसरा प्रश्न: इंजिन बंद करण्याची घाई

टर्बोचा दांडा मिनिटाला एक लाखाहून अधिक फेरे घेतो. त्याच्या एका टोकाला आठ-नऊशे अंशांचा धूर असतो. तो धातूवर टेकत नाही, तेलाच्या पातळ थरावर तरंगतो. हेच तेल त्याला गारही ठेवते.

घाट चढून आल्या आल्या इंजिन बंद केले, तर तेलाचा पंप तत्क्षणी थांबतो, पण टर्बाइनची उष्णता थांबत नाही. ती दांड्यावाटे आत येते आणि तेथे अडकलेले तेल भाजून त्याचा कोळसा होतो. कढई गॅसवर विसरल्यावर तळाशी जे उरते, तसेच हे. थर साचत जातो, तेलाची बारीक वाट बुजते आणि एके दिवशी दांडा कोरडा फिरतो. म्हणून थांबण्यापूर्वी मिनिटभर इंजिन मंद चालू ठेवावे, असा नियम झाला. 1980 च्या दशकात टर्बोच्या मध्यभागी पाणी खेळवण्याची रचना रूढ होत गेली. इंजिन बंद झाल्यावरही तापलेले पाणी वर आणि गार पाणी खाली असा अभिसरणाचा प्रवाह चालू राहतो. त्यामुळे धोका बराच कमी झाला. सवय मात्र आजही चांगलीच.

चौथा प्रश्न: तेल

यंत्राने मालकाच्या डोक्यावरची एकेक काळजी उतरवत आणली. उरली ती तेलाची, आणि तिचा धडा साबलाच मिळाला. 1997 मध्ये आलेल्या साब 9-5 या सेडानच्या सर्व पेट्रोल इंजिनांना टर्बो होता. 1999 ते 2003 या काळातील तिच्या चार सिलिंडरांच्या अनेक इंजिनांत तेलाचा घट्ट काळा गाळ होऊ लागला. तेल बदलण्याचे अंतर लांबवलेले होते, तेलाच्या तळटाकीजवळ धूर शुद्ध करणारा तप्त कॅटॅलिस्ट होता, आणि दट्ट्याशेजारून निसटणारे वायू बाहेर नेण्याची रचना अपुरी पडत होती. गाळ तेल ओढणाऱ्या नळीच्या जाळीवर बसला की टर्बो आणि बेअरिंग दोन्ही उपाशी राहतात. कंपनीने 2004 च्या मॉडेलसाठी ही रचना बदलली आणि अमेरिकेत आधीच्या इंजिनांवरील हमी आठ वर्षांपर्यंत वाढवली. ज्यांनी तेल वेळेवर बदलले होते, त्यांची इंजिने मात्र टिकली.

डिसेंबर 2011 मध्ये साब ऑटोमोबाइल दिवाळखोरीत निघाली. ट्रोलहेटानच्या कारखान्यातून नंतर थोड्याच गाड्या बाहेर पडल्या. आज कोणी साब घेतो म्हणजे वापरलेलीच घेतो. त्या गाड्या अजून धावतात त्या मालकांच्या हातगुणावर.

आपल्याकडे

महाराष्ट्राला हा विषय परका नाही. छत्रपती संभाजीनगर, म्हणजे तेव्हाच्या औरंगाबादच्या कारखान्यातून 2004 च्या सुमारास ऑक्टाव्हियाचा 1.8 लिटर टर्बो पेट्रोल प्रकार भारतीय बाजारात आला. 2022 मध्ये बाजारात आलेल्या स्लाव्हिया आणि व्हर्टस या टर्बो पेट्रोल सेडान पुण्याजवळ चाकणला बनतात. त्यांच्या एक लिटर इंजिनाचे दाबाचे गुणोत्तर सुमारे 10.5 आहे, म्हणजे जेटफायरहून थोडे अधिकच. वेगळ्या टाकीतले मिश्रण आता लागत नाही. पेट्रोलच थेट सिलिंडरमध्ये फवारले जाते आणि त्याची वाफ होताना हवा गार होते. 1962 चे तत्त्व राहिले, मालकाचे काम गेले.

अशी गाडी वापरलेली घेताना काही गोष्टी स्वतः पाहता येतात. तेल भरण्याचे झाकण उघडून आत काळा चिकट थर आहे का ते पाहावे. तेल बदलल्याच्या पावत्या मागाव्यात. नसतील तर किंमत त्या हिशेबाने ठरवावी. इंजिन काही मिनिटे मंद चालवून मग ॲक्सिलरेटर दाबल्यावर निळसर धूर आला, तर कोठून तरी तेल जळते आहे. थंड, बंद इंजिनाची हवेची नळी मेकॅनिककडून काढून घ्यावी आणि टर्बोचे चाक बोटाने फिरवून पाहावे. दांडा तेलावर तरंगणारा असल्याने आजूबाजूला किंचित हालणे स्वाभाविक आहे. आतबाहेर हालचाल जाणवली किंवा पाती कडेला घासली, तर टर्बो बदलण्याची वेळ आली आहे. चढावर फुसफुस आवाज येऊन जोर कमी पडत असेल, तर आधी रबरी नळ्यांच्या भेगा शोधाव्यात. तो स्वस्तातला दोष असतो.

गाडी घेतल्यावर तेल पुस्तिकेत सांगितलेल्या प्रतीचेच घालावे आणि मुदतीच्या आधीच बदलावे. इंजिन गरम होईपर्यंत जोर देऊ नये. हवेचा फिल्टर स्वच्छ ठेवावा, कारण एक लाख फेऱ्यांनी फिरणाऱ्या पात्यांना वाळूचा कणही जड जातो.

ब्युखींच्या पेटंटपासून आजवर शंभराहून अधिक वर्षे लोटली. या काळात अभियंत्यांनी माणसाच्या विसराळूपणाला धरून यंत्र रचायला शिकून घेतले. तरी तेल बदलायचे काम अजून माणसाकडेच आहे, आणि वापरलेल्या गाडीची खरी किंमत किलोमीटरच्या आकड्यापेक्षा तेलाच्या पावत्यांवरून अधिक नेमकी कळते.