लॅमिंग्टन: केकावरचा आणि रस्त्यावरचा

गेल्या मे महिन्यात माझी मावसबहीण ब्रिस्बेनहून सुट्टीवर आली होती. ती गेली पंधरा-सोळा वर्षे तिकडेच स्थायिक आहे. येताना तिने मुलांसाठी पत्र्याच्या डब्यातून केकचे चौकोनी तुकडे आणले. वर चॉकलेटचा पातळ थर, त्यावर खोबऱ्याचा कीस. "ह्याला लॅमिंग्टन म्हणतात," ती म्हणाली. "आमच्याकडे शाळेसाठी वर्गणी गोळा करायची झाली की आया घराघरांतून हेच करून विकतात."

माझ्या मुलीने लगेच विचारले, "बाबा, मुंबईत लॅमिंग्टन रोड आहे ना? तोच हा लॅमिंग्टन?"

मला हसू आले. पदवीनंतर नोकरी लागेपर्यंत मी काही महिने मुंबईत काकांकडे होतो. त्यांच्या रेडिओचे सुटे भाग आणायला ग्रँट रोड स्टेशनवर उतरून लॅमिंग्टन रोडवर किती खेपा घातल्या असतील, त्याची गणती नाही. केक आणि तो रस्ता! वायरींच्या भेंडोळ्यांचा, कंडेन्सरच्या ढिगांचा तो रस्ता आणि हा खोबरे लावलेला केक, यांचा काय संबंध असणार? "नावासारखे नाव असते गं," असे म्हणून मी विषय संपवला. रात्री मात्र चैन पडेना. शोधायला बसलो तेव्हा कळले की पोरीचेच बरोबर होते. माणूस एकच.

चार्ल्स कॉक्रेन-बेली, दुसरा बॅरन लॅमिंग्टन. जन्म 1860 चा. लॅमिंग्टन हे मुळात स्कॉटलंडमधल्या लॅनार्कशायर परगण्यातले एक लहानसे गाव. हा उमराव 1896 ते 1901 ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँड वसाहतीचा गव्हर्नर होता. तिथून परतल्यावर 1903 च्या डिसेंबरात तो मुंबई इलाख्याचा गव्हर्नर झाला आणि 1907 पर्यंत त्या खुर्चीवर राहिला. ब्रिस्बेनमध्ये त्याचे नाव केकला मिळाले, मुंबईत रस्त्याला. हुबळीतही त्याच्या नावाची शाळा आहे. बेळगाव, धारवाड हा सगळा मुलूख तेव्हा मुंबई इलाख्यातच होता.

आता केकची गोष्ट. ऑस्ट्रेलियात ती अशी सांगतात. गव्हर्नरच्या घरी अचानक पाहुणे आले. स्वयंपाकघरात आदल्या दिवशीचा शिळा स्पंज केक तेवढा उरला होता. आर्मां गालां नावाच्या फ्रेंच आचाऱ्याने त्याचे तुकडे केले, चॉकलेटात बुडवले आणि खोबऱ्यात घोळवून पुढे ठेवले. त्याची बायको ताहिती बेटावरची, म्हणून त्याला खोबऱ्याची कल्पना सुचली, अशी पुस्तीही जोडतात. हे ब्रिस्बेनच्या सरकारी निवासात घडले की टूवूंबा गावातल्या हार्लॅक्स्टन हाऊसमध्ये, जिथे गव्हर्नर उन्हाळ्यात मुक्कामाला जात, यावर दोन गावांत वाद आहे. तिसरा पक्ष सांगतो की हा केक ब्रिस्बेनच्या तांत्रिक विद्यालयात पाककला शिकवणाऱ्या अ‍ॅमी शॉअर या बाईंचा, आणि नाव गव्हर्नरचे नसून लेडी लॅमिंग्टनचे. मॉरिस फ्रेंच या क्वीन्सलँडच्या इतिहासकाराने तर या एका केकच्या कोड्यावर 2013 साली अख्खे पुस्तक लिहिले.

कागदोपत्री पुरावा एवढाच की 'क्वीन्सलँड कंट्री लाइफ' या पत्रात 1900 साली लॅमिंग्टन केकची कृती छापून आली. 1901 मध्ये ती सिडनीच्या वर्तमानपत्रात आली, 1902 मध्ये न्यूझीलंडच्या. म्हणजे गव्हर्नर खुर्चीवर असतानाच हा पदार्थ घराघरांत पोचला होता. बाकीच्या गोष्टी मागाहून रंगल्या. 2014 च्या 1 एप्रिलला एका नामांकित वृत्तपत्राने तर हा केक मुळात न्यूझीलंडचा असून त्याचे नाव 'वेलिंग्टन' होते, अशी बातमी दिली. ती एप्रिल फूलची थट्टा होती, पण पुष्कळांनी ती खरी मानली!

माझे मन मात्र वेगळ्याच जागी अडकले. मी सरकारी कचेरीतला कारकून. टिपण आम्ही लिहितो, मसुदा आम्ही करतो, आणि खाली सही साहेबांची होते. त्यात गैर काही नाही, पद्धतच तशी आहे. पण या केकच्या बाबतीत पाहा. ज्या माणसाने पीठ चाळले नाही, अंडे फोडले नाही, त्याचे नाव सव्वाशे वर्षे टिकले. ज्या हातांनी तो केला ते हात आचाऱ्याचे की मास्तरीणबाईंचे, की नाव न सांगता वर्तमानपत्राला कृती पाठवणाऱ्या एखाद्या गृहिणीचे, हे आज कोणीच छातीठोकपणे सांगू शकत नाही. मसुदा हरवला, सही तेवढी राहिली.

आणि हातांची यादी आचाऱ्यापाशी संपत नाही. केकमध्ये साखर असते. क्वीन्सलँडची साखर तिथल्या उसाच्या मळ्यांतून यायची, आणि त्या मळ्यांवर 1863 ते 1904 या काळात वानुआतू, सॉलोमन वगैरे प्रशांत महासागरातल्या बेटांवरून सुमारे 62,000 माणसे मजुरीला आणली गेली. काही कराराने आली, काहींना फसवून किंवा सरळ पळवून जहाजावर चढवले. लॅमिंग्टनसाहेबांची क्वीन्सलँडमधली कारकीर्द संपली तो 1901 चा डिसेंबर महिना. त्याच महिन्यात नव्या ऑस्ट्रेलियन संसदेने कायदा केला की या बेटवाल्यांना परत पाठवायचे, कारण देश गोऱ्यांचा ठेवायचा होता. पुढे हजारोंना खरोखरच जहाजात घालून पाठवून दिले, त्यांत आयुष्यभर तिथेच राबलेलेही होते. जे मागे राहिले त्यांच्या वंशजांना स्वतंत्र समाज म्हणून केंद्र सरकारची मान्यता मिळायला 1994 उजाडावे लागले.

चॉकलेटचेही तसेच. कोको पावडर वेगळी काढायची युक्ती हॉलंडच्या व्हॅन हाउटेन यांच्या नावाने 1828 पासून नोंदलेली आहे. तिच्यामुळेच चॉकलेट सामान्य घरात शिरले. पण कोकोच्या बिया कुठून येत? ज्या सालांत क्वीन्सलँडच्या बायका हा केक शिकत होत्या, त्याच सालांत पोर्तुगीजांच्या साओ तोमे आणि प्रिन्सिपे या बेटांवर अंगोलातून आणलेले मजूर कोकोच्या मळ्यांत राबत होते. कागदावर करार, प्रत्यक्षात गुलामगिरी. हेन्री नेव्हिन्सन या पत्रकाराने तिकडे जाऊन ते पाहिले आणि 1906 मध्ये पुस्तक लिहून जगापुढे मांडले. पुष्कळ चर्चेनंतर 1909 मध्ये कॅडबरी आणि इतर इंग्रज कंपन्यांनी तिथला कोको घेणे बंद केले. ही बेटे आणि आमचा गोवा तेव्हा एकाच लिस्बनच्या अमलाखाली होते, हे आपण गोवेकरांनी विसरू नये.

राहिले खोबरे. ते आपल्या घरचेच. पण त्यातही फिरंगी आहेच! इंग्रजीतला 'कोकोनट' हा शब्द पोर्तुगीज 'कोको' वरून आला. नारळाला तीन डोळे असतात, त्यामुळे तो दात विचकणाऱ्या बागुलबुवासारखा दिसतो, म्हणून त्या खलाशांनी त्याला ते नाव दिले म्हणतात. वास्को द गामा 1498 मध्ये हिंदुस्थानात येऊन गेल्यावर आपल्या बाजूच्या महासागरातला नारळ त्यांनीच अटलांटिकच्या किनाऱ्यांवर नेऊन लावला. आपण देवापुढे ठेवतो ते श्रीफळ त्यांना बागुलबुवा दिसला, याला काय म्हणावे!

असो. एवढे सगळे वाचल्यावर केक करून पाहिल्याशिवाय राहवेना. पहिला प्रयत्न साफ फसला. आमच्या सौभाग्यवती म्हणाल्या, "घरचे नारळ असताना विकतचा कीस कशाला?" त्यांनी ताजा नारळ खवून दिला. ओले खोबरे चॉकलेटवर धड चिकटेना, गोळे होऊन पडू लागले. शिवाय केक त्याच दिवशीचा, मऊ. बुडवला की अर्धा तुकडा पातेल्यातच. जे काही हाती लागले ते दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत आंबले. मे महिन्यातला गोवा, दुसरे काय होणार!

दुसऱ्यांदा मावसबहिणीने फोनवर सांगितले तसे केले आणि साधले. ज्यांना करायचे असेल त्यांच्यासाठी लिहितो. चार अंडी आणि 150 ग्रॅम साखर भरपूर फेटावी, फेस घट्ट आणि फिकट होईपर्यंत. यंत्र नसेल तर हात दुखेपर्यंत! त्यात 150 ग्रॅम मैदा आणि दीड चमचा बेकिंग पावडर एकत्र चाळून हलक्या हाताने मिसळावी. शेवटी दोन-तीन चमचे गरम पाणी आणि चमचाभर पातळ केलेले लोणी. 180 अंशांवर पंचवीस मिनिटांत केक होतो. तो रात्रभर तसाच ठेवावा. शिळा केकच लागतो, यातच सगळी मेख आहे. सकाळी दोन-दोन इंचांचे तुकडे करून तासभर फ्रीजमध्ये घट्ट होऊ द्यावेत. मग अर्धा किलो पिठीसाखर, 50 ग्रॅम कोको, चमचाभर लोणी आणि साधारण पाऊण पेला गरम दूध यांचा पातळ पाक करावा. भांडे गरम पाण्यात ठेवले की तो घट्ट होत नाही. काट्याने तुकडा धरून बुडवावा, निथळू द्यावा, सुक्या खोबऱ्याच्या किसात घोळवावा आणि जाळीवर ठेवावा. सुके खोबरे घरी किसले तर मंद आचेवर जरासे गरम करून घ्यावे, मात्र रंग बदलू देऊ नये.

आमच्या आईने एक तुकडा खाल्ला आणि म्हणाली, "नाताळात शेजारून बाथ यायचा, त्याचाच हा भाऊ." बाथमध्ये रवा आणि खोबरे, यात मैदा आणि खोबरे. आईला लॅमिंग्टनशी काही देणेघेणे नव्हते. तिने जिभेने नाते जुळवले.

आता त्या साहेबाचा शेवट सांगायला हवा. मुंबईत तो असताना 1905 साली स्वदेशीची चळवळ पेटली. ऑक्टोबरात पुण्यात विदेशी कापडाची होळी झाली, आणि पुढच्याच महिन्यात मुंबईत राजपुत्राच्या हस्ते प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियमची कोनशिला बसली. एकाच इलाख्यात एकीकडे होळी, दुसरीकडे कोनशिला. पुढे साहेब विलायतेला परतला, म्हातारा झाला. 1940 च्या 13 मार्चला लंडनच्या कॅक्स्टन हॉलमध्ये तो एका सभेला हजर होता. सभा संपता संपता श्रोत्यांतून एक शीख माणूस पुढे आला आणि त्याने गोळ्या झाडल्या. तो होता उधमसिंग. जालियनवाला बागेच्या वेळी पंजाबचा लेफ्टनंट गव्हर्नर असलेला मायकेल ओड्वायर जागीच ठार झाला. जखमी झालेल्या तिघांत लॉर्ड लॅमिंग्टन होता, त्याच्या हाताला गोळी लागली. उधमसिंगांना 31 जुलैला फाशी दिले. लॅमिंग्टन त्याच वर्षी सप्टेंबरात वारला.

पकडल्यावर उधमसिंगांनी आपले नाव राम महंमद सिंग आझाद असे सांगितले होते. गव्हर्नरला नावे आयती मिळाली, रस्त्याला, शाळेला, केकलासुद्धा. या माणसाने आपले नाव स्वतः निवडले आणि त्यासाठी जिवाची किंमत मोजली.

मुंबईचा तो रस्ता आता कागदोपत्री डॉ. दादासाहेब भडकमकर मार्ग आहे. तरी टॅक्सीवाल्याला आजही लॅमिंग्टन रोडच सांगावे लागते. नाव बदलण्याचा ठराव एका दिवसात होतो, जिभेवरचे नाव जायला पिढ्या लागतात. आमच्या गोव्यातही मुक्तीनंतर बदललेल्या किती जागा लोक अजून जुन्याच नावाने ओळखतात, ते तुम्हीच आठवून पाहा.

मुलीने परवा डब्यात चार तुकडे भरून मैत्रिणींसाठी नेले. कोणीतरी नाव विचारलेच असणार. संध्याकाळी मी म्हटले, "काय सांगितलेस?"

"सांगितले की ह्याला लॅमिंग्टन म्हणतात, पण केला माझ्या बाबांनी."

एवढी नोंद मला पुरे आहे.