बिदरीचा काळा रंग कोठून येतो?

स्वस्त अंगठीवरचा मुलामा झिजला की आतला धातू उघडा पडतो. कर्नाटकातील बिदरच्या कारागिरांनी या अडचणीला शतकांपूर्वीच वेगळे उत्तर शोधले. त्यांनी रंग धातूवर चढवला नाही, धातूतूनच काढला.

बिदरी कला बहमनी काळात, १५व्या शतकात रुजली असे परंपरा सांगते. हाती असलेले सर्वांत जुने नमुने मात्र १७व्या शतकातले मानले जातात. त्या काळी हुक्क्याची पात्रे, सुरया आणि पानदाने घडत. आता त्याच पद्धतीने अंगठ्याही घडतात. मिश्रधातूत जस्ताचे साधारण सोळा भाग आणि तांब्याचा एक भाग. चांदी लागते ती केवळ नक्षीत ठोकून बसवण्यापुरती.

या कामात काळा रंग दोनदा येतो, आणि खरे रसायनशास्त्र या दोन रंगांच्या फरकात आहे. ओतीव वस्तू घासून गुळगुळीत केल्यावर तिच्यावर मोरचुदाचे द्रावण चोळतात. जस्त विरघळते, त्याच्या जागी द्रावणातले तांबे बसते आणि पृष्ठभाग काळवंडतो. त्यावर नक्षीची रेघ स्पष्ट दिसावी एवढाच याचा उपयोग. हा रंग बाहेरून आलेला, म्हणून पुढच्या घासकामात निघूनही जातो.

चांदी बसल्यानंतर वस्तू तापवून नवसागर आणि बिदरच्या किल्ल्यातील माती यांच्या द्रावणात बुडवतात. ही माती क्षारयुक्त असते. ऊन-पावसापासून दूर राहिलेली जागा कारागीर निवडतात आणि मातीची पारख चक्क जिभेवर करतात. द्रावण पृष्ठभागावरचे जस्त खाते, मिश्रधातूतले तांबे मात्र सूक्ष्म कणांच्या रूपात मागे उरते आणि काळे पडते. नुसते जस्त घेतले तर असा गडद काळा रंग चढत नाही. सतरातला तो एक भाग तांबेच सारे काम करतो. चांदीवर द्रावणाचा परिणाम होत नाही, त्यामुळे ती पांढरीशुभ्र उठून दिसते. शेवटी तेल चोळले की काळेपणा अधिक गडद होतो.

बोटातल्या अंगठीची कड रोजच्या घर्षणाने फिकी पडू शकते. पण तांबे खालीही तितकेच असल्याने तीच प्रक्रिया पुन्हा करून रंग परत आणता येतो. माती मात्र किल्ल्याचीच लागते, असा कारागिरांचा आग्रह आहे.

२०२३ साली बिदरचे कारागीर शाह रशीद अहमद कादरी यांना पद्मश्री जाहीर झाली.