भाड्याचं खोडरबर

भाडेकरू ही जात मला नवी नाही. माझं अर्धं आयुष्य चाळीतल्या दोन खोल्यांत गेलं. घरमालक समोरून येताना दिसला की रस्ता ओलांडायचा, ही विद्या मी वडिलांकडूनच शिकलो. पण फोटोवरचा डाग पुसायचं साधनसुद्धा भाड्यानं मिळतं, हे मला पुतण्यानं शिकवलं. आईच्या लग्नातल्या फोटोवर बुरशी चढली होती. ती साफ करायला तो संगणकापुढे बसला होता.

"हे फोटोशॉप केवढ्याला पडलं रे?"

"विकत नाही घेतलं, काका. महिन्याचे पैसे भरतो."

दूधवाल्याचा महिना मला समजतो. दूध रोज नवं असतं. पण हत्याराचा महिना?

मग मी चौकशीच केली. १९८७ साली अमेरिकेत मिशिगन विद्यापीठातल्या टॉमस नोल या विद्यार्थ्यानं ते लिहायला घेतलं. त्याचा भाऊ जॉन सिनेमातल्या करामतींच्या धंद्यात होता; तोही हाताशी आला. १९९० च्या फेब्रुवारीत ॲडोबी कंपनीनं ते बाजारात आणलं. पुढं तेवीस वर्षं व्यवहार सरळ होता. एकदा पैसे मोजा, खोकं घरी न्या, नवी आवृत्ती परवडली तर घ्या, नाहीतर जुनीवर भागवा.

मे २०१३ मध्ये कंपनीनं जाहीर केलं, की यापुढची आवृत्ती विकत मिळणार नाही, वर्गणी भरा! हजारो लोकांनी निषेधाच्या अर्जावर सह्या केल्या. कंपनीनं फोटोवाल्यांसाठी महिना दहा डॉलरची स्वस्त योजना काढली. विक्री मात्र बंद ती बंदच. योगायोग असा, की त्याच वर्षी फेब्रुवारीत पहिल्या फोटोशॉपची मूळ आज्ञावली कॅलिफोर्नियातल्या संगणक-संग्रहालयानं लोकांसाठी खुली केली होती. आधी संग्रहालय, मग विक्री बंद. क्रम अगदी शास्त्रोक्त!

मी हिशेब मांडला. विकतच्या शेवटच्या आवृत्तीची किंमत ६९९ डॉलर. दहा डॉलरनं जवळजवळ सहा वर्षांचं भाडं झालं.

"एकदम सातशे कोण काढणार, काका?"

खरंच होतं. घर घेणं न जमल्यानं चाळीत राहिलेल्या माणसानं यावर काय बोलावं? पण सहा वर्षांनी एकाच्या हाती हत्यार उरतं आणि दुसऱ्याच्या हाती पावत्या, एवढं मी पुटपुटलोच.

तेवढ्यात फोटो तयार झाला. आई लख्ख दिसत होती. पण काहीतरी चुकत होतं.

"अरे, गालावरचा तीळ कुठाय?"

"तीळ होता? मला बुरशी वाटली. थांबा, थर ठेवलेत वेगवेगळे. परत आणतो."

"आणि पैसे थकले असते तर?"

"तयार फोटो राहिला असता आपल्याकडे. पण हे थर यात उघडायचे तर भाडं चालू हवं."

आईचा तीळ त्या दिवशी परत आला. महिना संपायला दोन दिवस शिल्लक होते.