बापाच्या संघातला मुलगा

गेल्या रविवारी नातवाची मॅच बघायला ठाण्याला गेलो होतो. रविवारी डोंबिवलीहून ठाण्याला जायचं तर आधी मेगाब्लॉकची चौकशी करावी लागते. ती केली, आणि तरीही पाऊण तास फलाटावर उभा राहिलो. असो. घोडबंदर रोडवर मुलाच्या सोसायटीत मागच्या बाजूला बास्केटबॉलचं कोर्ट आहे. आमचा खेळ खो-खो. बास्केटबॉल म्हणजे कॉन्व्हेंटच्या मुलांचं काहीतरी, अशीच आमची समजूत. त्यामुळे नातू लांबून चेंडू टाकतो आणि तो रिंगला न लागता जाळीतून सुर्रकन खाली येतो, हे बघताना मला मजा वाटते, पण कळत काही नाही.

मॅच संपल्यावर नातवानं मला कोड्यात टाकलं. "आजोबा, तुम्ही इतिहास शिकवायचात ना? मग सांगा, पाच वर्षं खेळून तीन पॉइंटनं कोण हुकला?" मला पानिपत, खर्डा असलं काहीतरी आठवायला लागलं. :-) तो बोलत होता अँटवान डेव्हिसबद्दल. घरी आल्यावर चार दिवस त्यातच गेलो, आणि त्यातून जे हाती आलं ते तुमच्यापुढे ठेवतो आहे. आमच्या नागपूरच्या वहिनी 'आता हे काय नवीन' म्हणतील, पण शेवटपर्यंत वाचा.

गोष्ट सुरू होते पीट मॅराविचपासून. जन्म १९४७, अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियात. आजोबा-आजी सर्ब वंशाचे, बाहेरून आलेले. बाप प्रेस मॅराविच स्वतः व्यावसायिक बास्केटबॉल खेळलेला आणि नंतर प्रशिक्षक झालेला. लहानपणी पेपर टाकायचा म्हणून त्याचं नाव 'प्रेस' पडलं. या बापानं मुलाच्या हातात चेंडू दिला तो कायमचाच. पोरगं सायकलवरून जाताना चेंडूचे टप्पे मारत जायचं. बाप गाडी हळूहळू चालवायचा आणि पीट खिडकीतून हात बाहेर काढून रस्त्यावर टप्पे मारायचा. सिनेमाला गेलं की कडेची खुर्ची, म्हणजे तिथेही टप्पे मारता यावेत. झोपताना चेंडू उशाशी.

पुढे बापाला लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटीत प्रशिक्षकाची नोकरी मिळाली. पीटला दुसऱ्या कॉलेजात जायचं होतं. माझ्याबरोबर येणार नसशील तर घराची पायरी चढू नकोस, अशा अर्थाचं बाप बोलला असं सांगतात. पीट गेला.

त्यानंतरचे आकडे मी वहीत लिहून काढले, कारण आमच्या पिढीला लिहिल्याशिवाय काही कळत नाही. त्या काळी पहिल्या वर्षाच्या मुलांना कॉलेजच्या मुख्य संघात घेत नसत, म्हणून त्याला १९६७ ते १९७० अशी तीनच वर्षं मिळाली. त्यात ८३ सामने आणि ३,६६७ गुण. सामन्याला सरासरी ४४.२. अलाबामाविरुद्ध एकाच सामन्यात ६९. आणि लक्षात घ्या, तेव्हा लांबून टाका की जवळून, बास्केटला दोनच गुण. कोर्टावर ती अर्धगोल रेषा आखून तिच्या पलीकडून टाकलेल्या चेंडूला तीन गुण द्यायचा नियम अमेरिकेच्या व्यावसायिक स्पर्धेत आला १९७९ साली आणि पुरुषांच्या कॉलेज स्पर्धेत सरसकट लागू झाला १९८६च्या हंगामात. म्हणजे पीट लांबून नेम मारत राहिला आणि त्याला जवळच्याइतकेच गुण मिळत राहिले. त्या कॉलेजच्या पुढच्या एका प्रशिक्षकानं त्याचे जुने सगळे नेम तपासून हिशेब मांडला होता, की रेषा असती तर सरासरी ५७ झाली असती.

पण वहीत आणखी एक आकडा आहे, तो फारसा कोणी सांगत नाही. या तीन वर्षांत पीटनं ३,१६६ वेळा बास्केटचा प्रयत्न केला. सामन्याला अडतीस! पाच जणांच्या संघात एकानं अडतीस वेळा टाकायचं तर बाकीच्या चौघांनी करायचं काय? पहिल्या वर्षी संघ १४ सामने जिंकला आणि १२ हरला, दुसऱ्या वर्षी १३ आणि १३. राष्ट्रीय अजिंक्यपदाच्या स्पर्धेत पीटचा संघ एकदाही गेला नाही. मुलाला सतत चेंडू मिळेल असा खेळ आखणारा प्रशिक्षक त्याचा बापच होता. लोक बोलत असणारच.

व्यावसायिक खेळात त्याला अफाट पैसा मिळाला, नाव झालं. १९७७ साली न्यूयॉर्कविरुद्ध एका सामन्यात ६८ गुण केले. दरम्यान १९७४ साली आईनं आत्महत्या केली. पुढे गुडघा गेला. १९७९-८०च्या शेवटच्या हंगामात तीन गुणांची रेषा आली, तेव्हा दुखऱ्या पायानं त्यानं पंधरा वेळा प्रयत्न केला आणि दहा वेळा चेंडू जाळीत गेला. मग त्यानं खेळ सोडला. बोस्टनचा तोच संघ पुढच्या वर्षी अजिंक्य ठरला, तोवर हा घरी बसलेला.

शेवट चटका लावणारा आहे. बाप कर्करोगानं आजारी पडला तेव्हा पीटनंच त्याची शुश्रूषा केली. १९८७च्या एप्रिलमध्ये बाप गेला. १९८८च्या ५ जानेवारीला कॅलिफोर्नियात एका चर्चच्या व्यायामशाळेत मित्रांबरोबर सहज खेळताना पीट कोसळला. वय ४०. शवविच्छेदनात दिसलं की हृदयाची डावी मुख्य रक्तवाहिनी त्याला जन्मापासून नव्हतीच. सगळा भार उजवीनं उचलला होता. सायकलवरचे टप्पे, खिडकीतले टप्पे, सामन्याला अडतीस नेम, हे सगळं त्या एका वाहिनीवर. बापाला ते कधी कळलं नाही.

आता नातवाचा अँटवान. हाही प्रशिक्षकाचाच मुलगा. बाप माईक डेव्हिस पूर्वी इंडियाना युनिव्हर्सिटीच्या संघाला २००२च्या अंतिम सामन्यापर्यंत नेणारा. मुलाचं ह्यूस्टनला जायचं ठरलं होतं, पण २०१८ साली बापाला डेट्रॉइट मर्सी या लहान युनिव्हर्सिटीत नेमलं, आणि मुलगा त्याच्यामागे तिकडे गेला. अंगानं काटकुळा, पण नेम अचूक. करोनामुळे खेळाडूंना एक वर्ष जादा मिळालं. २०२२ साली मोठ्या कॉलेजांनी बोलावलं होतं, त्यानं विचारही केला आणि शेवटी बापाकडेच राहिला. असे पाच हंगाम झाले, १४४ सामने. तीन गुणांची बास्केट ५८८, हा विक्रमच.

२ मार्च २०२३ला यंग्जटाऊन स्टेटविरुद्धच्या सामन्याआधी पीटचा ३,६६७चा आकडा गाठायला त्याला २५ गुण हवे होते. त्यानं २२ केले. संघ हरला, हंगाम संपला. एकूण ३,६६४. आणखी एखाद्या छोट्या स्पर्धेचं निमंत्रण येईल अशी आशा होती, तेही आलं नाही.

तिथे म्हणे मोठा वाद झाला. एक बाजू म्हणते, पीटला तीन वर्षं आणि याला पाच, ही कसली बरोबरी. वहीत मीही मांडून बघितलं: अँटवानच्या ५८८ लांबच्या बास्केटना दोनच गुण दिले तर त्याचे ३,०७६ होतात. पुढे ३ मार्च २०२४ला आयोवाच्या केटलिन क्लार्क या मुलीनं पीटला मागे टाकलं, चार वर्षं खेळून, आणि ३,९५१वर थांबली. त्याच आठवड्यात लिनेट वुडार्डचं नाव निघालं. या बाईंनी १९७७ ते ८१ या काळात कॅन्सससाठी रेषा नसतानाच ३,६४९ गुण केले होते, पण तेव्हा मुलींच्या स्पर्धा दुसरी संघटना भरवायची, म्हणून ते अधिकृत यादीतच नव्हते! इतिहासाच्या मास्तराला हे नवीन नाही. वही कोणाच्या हातात आहे त्यावर बरंच काही ठरतं.

मला मात्र त्या वादापेक्षा त्या दोन मुलांचंच वाटत राहिलं. बापाच्या हाताखाली खेळायचं, म्हणजे चांगलं खेळलं की लोक म्हणणार बापामुळे, आणि वाईट खेळलं की घरी जेवायच्या पाटावरही प्रशिक्षक समोर बसलेला.

कारण माझा मुलगा नववीत माझ्याच वर्गात होता. १९८८ची गोष्ट. शाळेत तो मला 'सर' म्हणायचा, तसं मीच बजावलं होतं. पुढे तो घरीही चुकून 'सर' म्हणायला लागला. आम्ही हसायचो. सहामाहीला इतिहासात तो वर्गात पहिला येत होता. पेपर तपासताना माझा मलाच धीर होईना. लोक काय म्हणतील, मास्तरांनी पोराला वर काढलं. एका उत्तराचे मी चार गुण कापले. उत्तर बरोबर होतं. तो दुसरा आला. त्यानं काही विचारलं नाही, आणि मीही आजवर सांगितलं नव्हतं. प्रेस मॅराविचनं मुलाला सगळे चेंडू दिले आणि मी माझ्या मुलाचा हक्काचा काढून घेतला, पण दोघांच्याही डोळ्यांसमोर मुलगा नव्हता, गर्दी होती.

नातवाच्या मॅचला मुलगा शेवटच्या बाकावर बसतो, हे मी त्या रविवारी पाहिलं. बाकीचे पालक कडेला उभे राहून ओरडून सूचना देत होते. हा बसून पाणी पीत होता. नातवाचे दोन नेम ओळीनं चुकले तरी काही बोलला नाही. मॅच संपल्यावर "भूक लागली का रे?" एवढंच.

काल फोनवर मी त्याला नववीच्या त्या पेपराचं सांगितलं. म्हणाला, "बाबा, कशाला आता, मला आठवतही नाही." मग बाजारभाव, पाऊस, सुनेचं ऑफिस असं बोलणं झालं. फोन ठेवता ठेवता म्हणाला, "पानिपतच्या कारणांचा प्रश्न होता. पाचवा."