शेअर सरकारचा, तर जागा कुणाच्या?

नांदेड असो की लातूर, जिल्हा बँकेत शिपाई-कारकुनाच्या जागा निघणार म्हटलं की पहिला प्रश्न असतो : आरक्षण आहे का? बँक म्हणते, आम्ही सरकारी नाही. उमेदवार म्हणतो, मग सरकारचा सहनिबंधक तुमच्यावर कसा? आज या भांडणाचा इतिहास बघू.

सुरुवात १९५४ पासून करतो. गोरवाला समितीचा ग्रामीण पतपाहणीचा अहवाल त्या वर्षी आला. धनंजयराव गाडगीळ समितीत होते. शेतकऱ्याच्या कर्जातला फार थोडा वाटा सहकाराकडून येतो, सावकार मात्र जागच्या जागी आहे, असं त्यात दिसलं. उपाय सुचवला तो हा, की सरकारनं सहकारी संस्थांचे शेअर घ्यावेत. मराठवाडा तेव्हा हैदराबाद राज्यात होता, १९५६ ला मुंबई राज्यात आला. पुढे १९६० च्या महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्यात सरकारी भागीदारीला जागा मिळाली.

या शेअरचा आरक्षणाशी काय संबंध? तो जोडला महाराष्ट्राच्या २००१ च्या आरक्षण कायद्यानं. हा कायदा २९ जानेवारी २००४ पासून लागू आहे. अनुसूचित जाती १३ टक्के, जमाती ७, ओबीसी १९, आणि विमुक्त, भटके, विशेष मागास धरून एकूण ५२. कायदा कुठे लागू? सरकारी कार्यालयात तर आहेच, पण जिथे सरकारचं किंवा शासन-अनुदानित संस्थांचं भागभांडवल आहे अशा सहकारी संस्थेतही. शिवाय स्पष्टीकरणात ‘अनुदानित’ या शब्दात सरकारनं मान्यता दिलेल्या, देखरेखीखालच्या संस्थाही येतात.

खरी मेख इथेच आहे. उमेदवाराचा वकील स्पष्टीकरणावर बोट ठेवतो, बँकेचा वकील भागभांडवलावर. आणि मधल्या काळात वारं फिरलं. २००५ मध्ये वैद्यनाथन समितीनं सांगितलं, सरकारनं या बँकांतून हात काढावा. म्हणजे बघा, १९५४ ला जो शेअर औषध होता, तोच पन्नास वर्षांनी रोग ठरला! शेअर परत केला, की बँकेला म्हणता येतं, आता आमचा त्या कायद्याशी संबंध नाही.

कोर्टातला दुसरा अडसर म्हणजे रिट याचिका. कांगडा मध्यवर्ती बँकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं २००६ मध्ये म्हटलं, ही बँक घटनेतलं ‘राज्य’ नाही. २०१३ मध्ये केरळच्या थलप्पलम प्रकरणातही तोच सूर : निबंधकाची देखरेख म्हणजे सरकारचं नियंत्रण नव्हे. त्यामुळे नुसतं कलम १६ घेऊन गेलात तर दारातच अडता. कायद्यानं घातलेलं ठरावीक कर्तव्य मोडलं, हे दाखवावं लागतं.

हे जुनं झालं असं समजू नका. चंद्रपूर जिल्हा बँकेच्या ३५८ जागांच्या भरतीत आरक्षण डावललं म्हणून अलीकडेच उपोषणं झाली.

मला खटकतं ते हे. नांदेडची बँक वर्षानुवर्षं अडचणीत राहिलेली, लातूरची भक्कम म्हणून ओळखली जाते. भागभांडवलाचा निकष धरला, तर सरकारी पैशाची गरज पडलेली बँक आरक्षणात येते, आणि स्वतःच्या पायावर उभी राहिलेली बाहेर जाते. जिथे भरती व्हायची शक्यता जास्त, तिथेच हक्क पातळ! दोन्हीकडच्या पोरांची जात तीच, परिस्थिती तीच. फरक फक्त ताळेबंदाचा.

म्हणून जाहिरातीला आव्हान द्यायचं असेल, तर आधी बँकेचा वार्षिक अहवाल काढा. ताळेबंदात भागभांडवलाखाली तीन ओळी असतात : व्यक्ती, सहकारी संस्था, राज्य सरकार. तिसऱ्या ओळीपुढे आकडा आहे की शून्य, ते बघा. आकडा असेल तर बिंदुनामावली मागा. शून्य असेल तर लढाई स्पष्टीकरणातल्या शब्दांवर आहे, आणि ती लांबची आहे.