गंधर्वनगर

गंधर्वनगर (पर्यायी नावे : गंधर्वपुर, खपुर) म्हणजे आकाशात किंवा क्षितिजालगत अल्पकाळ दिसणारे आणि पाहता पाहता नाहीसे होणारे आभासी नगर होय. तट, वेशी, मनोरे व पताका यांनी ते युक्त असते, त्याचे रंग पालटतात आणि इमारतींचे आकार एकमेकांत मिसळत जातात, अशी त्याची वर्णने आढळतात. प्राचीन भारतीय वाङ्मयात या कल्पनेचा उपयोग शकुन, उपमान आणि तत्त्वज्ञानातील दृष्टांत अशा तीन प्रकारे झालेला आहे. मराठी वाचकाला ती मुख्यतः ज्ञानेश्वरीमुळे परिचित आहे.

नाव

वैदिक वाङ्मयात गंधर्वांचा संबंध अंतरिक्षाशी आणि सोमाच्या रक्षणाशी आहे. पुढे ते देवांचे गायक मानले गेले. मराठीत 'गंधर्व' म्हणताच गाणे आठवते, ते या उत्तरकालीन अर्थामुळे. 'गंधर्वनगर' या शब्दात मात्र गायनाचा काही संबंध दिसत नाही. तेथे अंतरिक्षातील वस्ती एवढाच अर्थ अभिप्रेत आहे. 'खपुर' या नावात 'ख' म्हणजे आकाश.

शकुनशास्त्र व महाकाव्ये

इ.स.च्या सहाव्या शतकातील वराहमिहिराने बृहत्संहितेच्या छत्तिसाव्या अध्यायात गंधर्वनगराची लक्षणे सांगितली आहेत. उत्तरेपासून आरंभ करून चार दिशांना दिसणारे नगर अनुक्रमे पुरोहित, राजा, सेनापती व युवराज यांना बाधक ठरते. पांढरा, तांबडा, पिवळा व काळा हे रंग चार वर्णांच्या नाशाचे सूचक मानले आहेत. अनेक रंगांचे आणि ध्वज, पताका, तोरणे यांनी सजलेले नगर दिसल्यास मोठे युद्ध होऊन हत्ती, घोडे व माणसे यांचे रक्त भूमी पिते, असे फल दिले आहे. सर्वच फले अशुभ नाहीत. शांत दिशेला तोरणासह दिसलेले नगर राजाला विजय देणारे सांगितले आहे. दृश्य जितके देखणे तितके फल भयंकर, ही या अध्यायातील विसंगती लक्षणीय आहे.

महाभारताला या नगराच्या शकुनापेक्षा त्याच्या नाहीसे होण्याचे आकर्षण अधिक आहे. पंडूच्या मृत्यूनंतर कुंती व तिच्या मुलांना हस्तिनापुरास पोचवून ऋषी व सिद्ध जागच्या जागी अंतर्धान पावतात, तेव्हा आदिपर्वात त्यांना गंधर्वनगराची उपमा दिली आहे.

दर्शनांतील दृष्टांत

न्यायसूत्रांच्या चौथ्या अध्यायात माया व मृगजळ यांच्या जोडीने गंधर्वनगराचा उल्लेख येतो. पण तो पूर्वपक्षाचा, म्हणजे खंडनासाठी मांडलेल्या मताचा भाग म्हणून. नागार्जुनाने मूलमध्यमककारिकेत उत्पत्ती, स्थिती व लय यांना माया, स्वप्न आणि गंधर्वनगर यांसारखे म्हटले. गौडपादाने मांडूक्यकारिकेच्या दुसऱ्या प्रकरणात जवळपास तीच त्रयी विश्वाला लावली. या कारिकेवरील शांकरभाष्यात नगराचे छोटेसे चित्र आहे : माल मांडलेली दुकाने, घरे, वाडे, स्त्री-पुरुषांची वर्दळ, आणि डोळ्यांदेखत हे सारे अकस्मात नाहीसे होणे. भागवताच्या पाचव्या स्कंधातील संसाररूपी अरण्याच्या रूपकातही वाट चुकलेल्या व्यापाऱ्यांना गंधर्वपुर दिसते.

ज्ञानेश्वरीतील गंधर्वदुर्ग

शके १२१२ (इ.स. १२९०) मध्ये नेवासे येथे पूर्ण झालेल्या ज्ञानेश्वरीच्या पंधराव्या अध्यायात संसारवृक्ष तोडण्याचा प्रश्न येतो. गीतेत हा वृक्ष वैराग्याच्या शस्त्राने छेदावयास सांगितले आहे. ज्ञानेश्वर त्याआधी अडचणीचा प्रश्न पुढे करतात : जे मुळात नाहीच, ते तोडायचे कसे? सशाचे शिंग व आकाशपुष्प यांच्या जोडीला त्यांनी गंधर्वांचा दुर्ग आणला आहे. तो पाडण्याचा खटाटोप कोणी करावा काय, असा त्यांचा प्रश्न आहे.

येथे नगराचा दुर्ग झाला, हा बदल अर्थपूर्ण आहे. नगर पाहायचे असते, तर दुर्ग जिंकायचा किंवा पाडायचा असतो. त्यामुळे दृष्टांताचा रोख 'दिसणे' या क्रियेकडून 'नष्ट करणे' या क्रियेकडे वळतो. संसार खोटा आहे एवढे सांगून ज्ञानेश्वर थांबत नाहीत. खोट्याशी झुंजत राहण्यातला व्यर्थपणाही दाखवतात. श्रोत्यांना दुर्ग ही ओळखीची वस्तू होती, कारण देवगिरी ही यादवांची राजधानीच डोंगरी किल्ल्याची होती. (तिच्यावर अलाउद्दीन खलजीची स्वारी १२९६ मध्ये झाली.)

वैज्ञानिक स्पष्टीकरण

थंड व दाट हवेच्या थरावर उबदार हवा पसरली, की त्यातून जाणारे प्रकाशकिरण खाली वाकतात आणि दूरची वस्तू उचलल्यासारखी दिसते. मृगजळात याच्या उलट तापलेल्या जमिनीलगतचे किरण वर वाकतात. थरांची रचना गुंतागुंतीची असल्यास एकाच किनाऱ्याच्या सुलट्या व उलट्या प्रतिमा एकावर एक ताणल्या जाऊन तट व मनोरे भासतात. हवा हलताच ते बदलतात. इटलीतील मेसिना सामुद्रधुनीवरील अशा दृश्याला जादूगारीण मॉर्गनवरून 'फाता मोर्गाना' म्हणतात. चिनी परंपरेत ते समुद्रातील 'शेन' या प्राण्याच्या उच्छ्वासातून निर्माण झालेले नगर होय.

असा आभास महागही पडला आहे. रॉबर्ट पिअरी यांनी १९०६ मध्ये आर्क्टिकमध्ये 'क्रॉकर लँड' नावाचा भूभाग दिसल्याचे सांगितले. त्याच्या शोधासाठी १९१३ मध्ये डोनाल्ड मॅकमिलन यांची मोहीम निघाली. १९१४ मध्ये गोठलेल्या समुद्रावर टेकड्या, दऱ्या व हिमशिखरे त्यांना स्पष्ट दिसली. इन्युइट वाटाड्याने ते धुके असल्याचे सांगितले होते. तरीही ते पुढे गेले, आणि भूमी हाती लागली नाही. पिअरींनी तरी काही पाहिले होते काय, याविषयीही अभ्यासकांना शंका आहे.

सह्याद्रीतील सदृश दृश्ये

नाशिक जिल्ह्यात हरसूल व त्र्यंबकेश्वरच्या डोंगराळ भागात पावसाळ्यात दऱ्या ढगांनी भरतात आणि माथे अधांतरी तरंगल्यासारखे दिसतात. हे गंधर्वनगर नव्हे : डोंगर असतो तेथेच दिसतो, फक्त त्याचा पायथा झाकला जातो. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावरून दिसणारे इंद्रवज्रही वेगळे. त्यात सूर्य पाहणाऱ्याच्या पाठीशी असतो आणि समोरच्या ढगावर वर्तुळाकार रंगपट्टा व मधोमध पाहणाऱ्याची स्वतःची सावली पडते. कर्नल साइक्स यांनी १८३५ मध्ये ते येथे पाहिल्याची नोंद आहे.