एक फाइल, शंभर प्रोग्रॅम: डीएलएलची गोष्ट

आजचा भाग एका एरर मेसेजपासून सुरू करतो.

मी शाळेत असताना घरी एक डेस्कटॉप होता. मित्राकडून पेन ड्राइव्हवर गेम आणायचा, डबल क्लिक करायचं, की स्क्रीनवर चौकट हजर: अमुक डीएलएल फाइल सापडत नाही. मग आम्ही ती फाइल इंटरनेटवर कुठून तरी शोधायचो आणि सिस्टिम फोल्डरमध्ये टाकायचो. कधी गेम चालायचा, कधी भलतंच काहीतरी बंद पडायचं. हे का होतं, ते कळायला मला बीटेकपर्यंत थांबावं लागलं.

डीएलएल म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी. अक्षरं दाखवणं, फोटो उघडणं, खिडकी काढणं ही कामं जवळपास प्रत्येक प्रोग्रॅमला लागतात. मग प्रत्येकाने तोच कोड आपल्यासोबत कशाला बाळगायचा? तो एका फाइलमध्ये ठेवा, ज्याला लागेल तो वापरेल. चाळीतल्या सामायिक नळासारखं. नळ एक, बिऱ्हाडं अनेक.

ही काटकसर हौसेची नव्हती. नोव्हेंबर १९८५मध्ये विंडोजची पहिली आवृत्ती आली, तेव्हा तिला किमान २५६ केबी मेमरी लागायची. तुमच्या फोनमधला ३ एमबीचा एक फोटो त्या अख्ख्या मेमरीच्या बारा पट होतो! एवढ्याशा जागेत एकाहून जास्त प्रोग्रॅम चालवायचे, तर कोड वाटून घेण्याशिवाय इलाज नव्हता. कर्नल, यूझर आणि जीडीआय असे विंडोजचे मुख्य भाग तेव्हापासूनच सामायिक होते.

गोंधळ झाला नव्वदच्या दशकात. नवा प्रोग्रॅम इन्स्टॉल करताना तो स्वतःच्या डीएलएल सिस्टिम फोल्डरमध्ये टाकायचा. तिथे त्याच नावाची नवी फाइल आधीच असेल, तर काही इन्स्टॉलर खुशाल तिच्यावर जुनी फाइल चढवायचे. आज तुम्ही प्रिंटरची सीडी लावली, उद्या हिशेबाचं सॉफ्टवेअर उघडेना. दोष कुणाचा, ते कळायला मार्ग नाही.

काढतानाही तीच कथा. विंडोज ९५ कोणती सामायिक फाइल किती प्रोग्रॅम वापरतात याचा आकडा ठेवायचं. आकडा शून्यावर आला, की विचारणा व्हायची: ही फाइल आता कुणी वापरत नाही असं दिसतंय, काढू का? पण तो आकडा प्रत्येक प्रोग्रॅम इमानदारीने वाढवत नसे. ‘हो’ म्हटलं तर दुसरं काहीतरी मोडायची भीती, ‘नाही’ म्हटलं तर डिस्कवर अडगळ. या सगळ्या प्रकाराला इंजिनिअर लोकांनी नाव दिलं ‘डीएलएल हेल’, म्हणजे डीएलएलचा नरक.

मग उपाय आले. विंडोज २०००ने महत्त्वाच्या सिस्टिम फाइलींवर पहारा बसवला. कुणी त्या बदलल्या, तर विंडोज मूळ फाइल परत आणून ठेवायचं. २००१मध्ये विंडोज एक्सपीने एकाच डीएलएलच्या वेगवेगळ्या आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवायची सोय केली. डिस्क स्वस्त होत चालली होती, त्यामुळे अनेक प्रोग्रॅम आपली प्रत आपल्याच फोल्डरमध्ये ठेवू लागले. चाळीतून फ्लॅटमध्ये गेल्यासारखं: माझा नळ माझ्या घरात.

संपली कटकट? नाही. सप्टेंबर २००४मध्ये मायक्रोसॉफ्टने जाहीर केलं, की जीडीआय प्लस या डीएलएलमध्ये जेपेग फोटो वाचताना एक चूक होते. मुद्दाम बिघडवलेला फोटो नुसता उघडला, तरी हल्लेखोर कॉम्प्युटरचा ताबा घेऊ शकत होता. आता बघा गंमत. फाइल एकच असती, तर एका अपडेटमध्ये काम झालं असतं. पण विंडोज एक्सपी, ऑफिस आणि बाहेरच्या कंपन्यांचे प्रोग्रॅम आपापल्या प्रती घेऊन बसले होते. प्रत्येक प्रत वेगळी दुरुस्त करावी लागली. ती कुठे कुठे आहे हे शोधायला वेगळं टूल काढावं लागलं.

म्हणजे दोन्हीकडे किंमत आहेच. वाटून घेतलं, तर एक बिघाड सगळ्यांना भोवतो. वेगळं ठेवलं, तर एकच चूक शंभर ठिकाणी दुरुस्त करत फिरायचं.

आणि हे फक्त जुन्या डेस्कटॉपचं रडगाणं नाही. मार्च २०२१मध्ये अनेक अँड्रॉइड फोनवर जीमेलसकट कितीतरी अ‍ॅप्स उघडता उघडता बंद पडत होती, आठवतंय? अ‍ॅपच्या आत वेबपेज दाखवणारा वेबव्ह्यू हा सामायिक भाग बिघडला होता. नळ एक, म्हणून सगळी चाळ कोरडी! उलट सप्टेंबर २०२३मध्ये वेबपी फोटो वाचणाऱ्या लायब्ररीत गंभीर चूक सापडली. क्रोम, फायरफॉक्स आणि इतर कितीतरी अ‍ॅप्समध्ये तिच्या वेगवेगळ्या प्रती होत्या. प्रत्येकाला स्वतंत्र अपडेट काढावं लागलं. २००४चीच गोष्ट, फक्त फोटोचा प्रकार बदललेला.

तुमच्या फोनवरचं बहुतेक प्रत्येक अ‍ॅप आज आपल्या पोटात बऱ्याच लायब्रऱ्या घेऊन येतं. स्टोरेज भरतं त्याचं हेही एक कारण. म्हणूनच अपडेटची नोटिफिकेशन आली आणि त्यात नवीन फीचर काहीच दिसलं नाही, तरी ती ढकलून देऊ नका. आतली एखादी जुनी प्रत बदलायची असते, आणि त्या अ‍ॅपपुरती ती दुसरं कुणी येऊन बदलणार नसतं.

चला, भेटू पुढच्या भागात. तोवर राहिलेली अपडेट्स करून टाका!